यॉर्कचा लेफ्ट बॅक आणि मधली सहा वर्षं

प्रश्न कोल्हापूरच्या एका खेळाडूचा आहे. वय २७. शाहू स्टेडियमवर वरिष्ठ गटात सात हंगाम खेळून झालेत, गेल्या वर्षी गुडघ्याचं ऑपरेशन झालं. त्यांनी विचारलंय: "मी कधी जिल्ह्याबाहेर नाव कमावलं नाही. प्रशिक्षक व्हायचं मनात आहे, पण मोठा खेळाडू न झालेल्याला कोण विचारणार? इंग्लंडमध्ये खालच्या डिव्हिजनमधले खेळाडू पुढे मोठे मॅनेजर होतात असं ऐकतो. ते नक्की कसं घडतं, आणि त्यातलं आपल्याला काय घेता येईल?"

मी २४ वर्षं मुलांना आणि मोठ्यांना फुटबॉल शिकवतोय. आधी मुंबईत, मग काही वर्षं गोव्यात, आता पुण्यात. स्वतः मुंबईत हार्वुड लीगच्या खालच्या विभागांत खेळलो, त्याच्या वर कधी गेलो नाही. त्यामुळे तुमचा प्रश्न मला परका नाही. उत्तर "हो, होता येतं" असंच आहे. पण इंग्लंडच्या या गोष्टी आपल्याकडे सांगितल्या जातात तेव्हा सुरुवात आणि शेवट तेवढा सांगितला जातो. कुठल्यातरी छोट्या क्लबात खेळत होता, आणि बघता बघता चेल्सीचा मॅनेजर झाला. मधलं सगळं गळून जातं, आणि तुमच्या कामाचं नेमकं तेच आहे. म्हणून दहा नावं सांगण्यापेक्षा एकाच माणसाची गोष्ट नीट सांगतो, ग्रॅम पॉटरची. बाकीचे दोघे-तिघे ओघात येतील.

पॉटरचा जन्म १९७५ चा, बर्मिंगहॅमजवळच्या सॉलिहलमधला. लेफ्ट बॅक, म्हणजे डाव्या बाजूचा बचावपटू. बर्मिंगहॅम सिटीत व्यावसायिक खेळाडू झाला, मग स्टोक. १९९६ मध्ये साउदॅम्प्टनने त्याला प्रीमिअर लीगमध्ये, म्हणजे इंग्लंडच्या सर्वोच्च विभागात, आणलं. त्याच वर्षी तो इंग्लंडच्या २१ वर्षांखालील संघाकडून एक सामना खेळला, आणि साउदॅम्प्टनने मँचेस्टर युनायटेडला ६-३ ने हरवलं त्या सामन्यात बदली म्हणून मैदानात उतरला. २१ व्या वर्षी एवढं झाल्यावर कुणालाही वाटेल की आता हा वरच जाणार. प्रीमिअर लीगमध्ये त्याचे एकूण सामने झाले आठ. हंगाम संपायच्या आधीच तो वेस्ट ब्रॉमला गेला. तिथून दोनदा लोनवर, म्हणजे थोड्या काळासाठी दुसऱ्या क्लबांना उसना, आणि २००० साली थेट चौथ्या पातळीवर, यॉर्क सिटीत.

चौथी पातळी म्हणजे काय, हे आधी सांगतो. इंग्लंडमध्ये प्रीमिअर लीगचे २० क्लब आणि त्याखाली २४-२४ क्लबांच्या तीन पायऱ्या, असे ९२ व्यावसायिक क्लब आहेत. ९२ व्या क्रमांकाच्या क्लबातला माणूसही रोज सकाळी सरावाला जातो आणि महिन्याला पगार घेतो. पण करार एक-दोन वर्षांचा. मे महिना आला की कोणाला ठेवायचं आणि कोणाला सोडायचं याची यादी निघते. सोडलेला माणूस जूनमध्ये दुसऱ्या गावात घर शोधत असतो. त्याहून खाली उतरत गेलं की अर्धवेळ खेळणाऱ्यांचं वेगळं जग आहे. आपल्याकडे एवढा खोल पाया नाही, म्हणून तिथल्या चौथ्या पातळीची तुलना आपल्या कुठल्या लीगशी करायची हा वाद मी घालत नाही. तिथे फुटबॉल ही नोकरी आहे, आणि ती दरवर्षी जाऊ शकते, एवढं ध्यानात ठेवा.

यॉर्कमध्ये पॉटर तीन वर्षं राहिला आणि शंभरावर लीग सामने खेळला. मला त्याच्या कारकिर्दीतला हा भाग सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण त्या तीन वर्षांत त्या क्लबाचं जे झालं ते कुठल्याही कोर्समध्ये शिकवत नाहीत. २००२ च्या जानेवारीत मालकाने क्लब विकायला काढला आणि गिऱ्हाईक मिळालं नाही तर लीगमधून बाहेर पडू, असं जाहीर केलं. बूथम क्रेसंट हे मैदान त्याआधीच क्लबापासून वेगळं करून दुसऱ्या कंपनीच्या नावावर गेलेलं होतं. त्याच वसंतात आयटीव्ही डिजिटल ही वाहिनी बुडाली. तिने खालच्या तीन पायऱ्यांच्या क्लबांशी ३१.५ कोटी पौंडांचा करार केला होता, त्यातले १७.८५ कोटी द्यायचे राहिले. ज्या पैशांवर विसंबून क्लबांनी खेळाडूंशी करार केले, तोच पैसा आला नाही. यॉर्कला नवा मालक मिळाला, पण त्या डिसेंबरात क्लब कर्जात बुडून प्रशासकाच्या ताब्यात गेला आणि २००३ मध्ये चाहत्यांनी ट्रस्ट करून तो वाचवला. रस्त्यावर डबे घेऊन पैसे गोळा करणारी माणसं आणि पगार होणार की नाही हे माहीत नसताना शनिवारी मैदानात उतरणारे खेळाडू, असं ते वर्ष होतं.

अशा ड्रेसिंग रूममध्ये बसलेल्या २७ वर्षांच्या माणसाला काय दिसत असेल? कोण घाबरतो, कोण इतरांना धीर देतो, कोणता मॅनेजर खरं बोलतो आणि कोण तोंड चुकवतो. पॉटर पुढे जे झाला त्याचं बी इथे पडलं असं मी म्हणणार नाही, ते फक्त त्यालाच माहीत. पण मी ज्या ज्या चांगल्या प्रशिक्षकांबरोबर काम केलं, त्यांच्यात एक गोष्ट सारखी होती. बाकावर बसवलं गेल्यावर पोटात काय होतं हे त्यांना आठवत होतं. जन्मभर पहिल्या अकरात राहिलेल्या खेळाडूला हे कष्टाने शिकावं लागतं.

इथे माझंच एक सांगतो. पहिल्या नोकरीत मी एका क्लबाच्या १७ वर्षांखालच्या संघाची निवड केली. यादी फळ्यावर लावली आणि निघून गेलो. पाणी विसरलं म्हणून परत आलो तर एक मुलगा एकटाच त्या यादीसमोर उभा होता, वरून खाली बोट फिरवत. खाली पोचला की पुन्हा वरून. नाव नव्हतंच. मला बघून तो काही बोलला नाही. बूट कट्ट्यावर तसेच ठेवून गेला आणि पुन्हा कधी मैदानावर आला नाही. मला स्वतःला दोनदा असं वगळलेलं होतं, तरी मी तेच केलं. त्यानंतर आजवर एकाही मुलाला मी यादीतून काढल्याचं फळ्यावरून कळलेलं नाही. समोर बसवतो, कारण सांगतो, पुढच्या तीन महिन्यांत काय करायचं ते सांगतो. अनुभव असणं आणि तो कामाच्या वेळी आठवणं यांत फरक आहे. तुमच्याकडे सात हंगामांचा अनुभव आहे. तो आजच लिहून काढा. सगळ्यात चांगलं वागलेला प्रशिक्षक कोण, सगळ्यात वाईट कोण, आणि नेमकं काय केलं म्हणून.

पॉटर यॉर्कनंतर बॉस्टन युनायटेड, मग श्रूसबरीत लोनवर, शेवटी मॅक्लसफील्ड. २००५ मध्ये तिसाव्या वर्षी त्याने खेळणं थांबवलं. तीनशेवर सामने खेळलेला, पण रस्त्यावर कोणी ओळखणार नाही असा माणूस. त्याच डिसेंबरात तो पदवीधर झाला. ओपन युनिव्हर्सिटीतून, सामाजिक शास्त्रांची पदवी. ओपन युनिव्हर्सिटी म्हणजे पत्राने शिकायचं विद्यापीठ, आपल्या नाशिकच्या यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठासारखं. अशी पदवी काही महिन्यांत होत नाही. म्हणजे खेळत असताना, दूरच्या सामन्यांच्या बस प्रवासात, सराव संपल्यावरच्या रिकाम्या दुपारी हा माणूस वर्षानुवर्षं अभ्यास करत होता. व्यावसायिक खेळाडूचा सराव दुपारपर्यंत संपतो. उरलेला दिवस कसा जातो यावर पुढची वीस वर्षं ठरतात, हे मी गोव्यातल्या क्लबांत डोळ्यांनी पाहिलंय.

आता ती मधली सहा वर्षं.

२००५ ते २०१०. या काळात त्याचं नाव वर्तमानपत्रात शोधूनही सापडणार नाही. हल विद्यापीठात त्याने फुटबॉल विकासाचं काम घेतलं. विद्यार्थ्यांचे संघ, मैदानं, वेळापत्रकं. २००७ मध्ये चीनमध्ये महिलांचा विश्वचषक झाला, तेव्हा घानाच्या संघाबरोबर तो तांत्रिक संचालक म्हणून गेला. घाना तिन्ही सामने हरला, ऑस्ट्रेलियाकडून ४-१, कॅनडाकडून ४-०, नॉर्वेकडून ७-२. नंतर लीड्स मेट्रोपोलिटन विद्यापीठात विद्यार्थ्यांच्या संघाचं प्रशिक्षण, आणि तिथेच पदव्युत्तर शिक्षण. विषय नेतृत्व आणि भावनिक बुद्धिमत्ता. विद्यापीठाचा संघ ज्या लीगमध्ये खेळायचा ती इंग्लिश फुटबॉलच्या शिडीत इतकी खाली की प्रेक्षक हातावर मोजता यावेत.

लोक ही वर्षं सोडून देतात, आणि माझ्या मते सगळी गोष्ट तिथेच आहे. प्रशिक्षकाला चुका करायला जागा लागते. पहिली पन्नास सत्रं वाईटच होतात, कोणाचीही. सूचना लांबतात, खेळ सारखा थांबवला जातो, मुलं उभी राहून गार होतात. ही पन्नास सत्रं विद्यार्थ्यांसमोर झाली तर माणूस शिकतो. ती व्यावसायिक संघासमोर झाली तर नोकरी जाते, आणि वर "याला जमत नाही" असा शिक्का बसतो. मोठ्या खेळाडूंना बऱ्याचदा हीच जागा मिळत नाही. निवृत्त झाले की नावामुळे थेट मोठं काम हाती येतं, पहिल्या चुका हजारो लोकांसमोर होतात. नाव नसणं ही तुम्हाला अडचण वाटते. पहिली पाच वर्षं तीच तुमची सोय आहे.

२०१० च्या हिवाळ्यात पॉटरला जुन्या ओळखीतून स्वीडनमधल्या ऑस्टरसुंड या क्लबाचं काम मिळालं. मध्य स्वीडनमधलं, साधारण पन्नास हजार वस्तीचं गाव. बर्फावरच्या खेळांचं वेड, पारा शून्याच्या वीस अंश खाली जाणारा, फुटबॉलची परंपरा नावापुरती. क्लब १९९६ मध्ये स्थापन झालेला आणि नुकताच चौथ्या पातळीवर घसरलेला. घरी तान्हं मूल होतं, भाषा येत नव्हती, आणि विद्यापीठातली नोकरी सोडायची होती. तो गेला.

पुढच्या सात वर्षांतलं यश आकड्यांत सांगायचं तर २०११ आणि २०१२ मध्ये लागोपाठ बढती, २०१५ मध्ये स्वीडनच्या सर्वोच्च विभागात प्रवेश, एप्रिल २०१७ मध्ये नॉरशोपिंगला ४-१ ने हरवून स्वीडिश चषक. पण हे खेळाडू कोण होते ते बघा. जेमी हॉपकट हा यॉर्कने सोडलेला, इंग्लंडमध्ये लीगबाहेरच्या छोट्या क्लबांत अडकलेला मुलगा. कर्टिस एडवर्ड्स मिडल्सब्रोच्या अकादमीतून बाहेर पडून असाच भरकटलेला. कर्णधार ब्रवा नूरी तरुणपणी अमली पदार्थांच्या चाचणीत सापडून स्टॉकहोमचा मोठा क्लब गमावून बसलेला. थंडीत, दूरच्या गावात, थोड्या पैशांत यायला पहिल्या पसंतीचे खेळाडू तयार नव्हतेच. म्हणून ज्यांना इतरांनी नाकारलं त्यांचा संघ उभा राहिला. मे महिन्याच्या यादीत आपलं नाव नसणं म्हणजे काय, हे ज्याला माहीत होतं, त्याच्याच हाती हे खेळाडू आले.

या क्लबाची आणखी एक गोष्ट जगभर गाजली. खेळाडू आणि कर्मचारी दरवर्षी एकत्र मिळून काहीतरी कलेचं काम करायचे. नाटक, चित्रांचं प्रदर्शन, आणि एका वर्षी 'स्वान लेक' या बॅलेवर आधारलेला नाच, तिकीट काढून आलेल्या गावकऱ्यांसमोर. कल्पना क्लबाच्या अध्यक्षांची. पॉटर स्वतः नाचला. आपल्याकडे कुठल्या संघाला हे सांगितलं तर पोरं हसतील, आणि ऑस्टरसुंडमध्येही पहिल्यांदा अवघडलीच असतील. पण विचार पक्का होता. बचावपटूला पाठून दाब असताना चेंडू पायात मागायला धाडस लागतं. चूक होईल, लोक हसतील ही भीती असते. शेकडो लोकांसमोर जो माणूस न येणारा नाच करून आला, त्याची ही भीती थोडी तरी झिजते. शिवाय संघाचा प्रमुखही तुमच्याइतकाच अवघडलेला तुमच्या शेजारी उभा आहे, हे खेळाडूला दिसतं. याची नक्कल करा असं मी सांगत नाही. मी एकदा माझ्या संघाला गणेशोत्सवात पथनाट्य करायला लावलं होतं. त्याने आम्ही जास्त सामने जिंकलो की नाही ते सिद्ध करता येणार नाही, पण दोन अबोल मुलं त्यानंतर मैदानावर आवाज द्यायला लागली.

क्लबाच्या या यशाला एक काळी बाजूही आहे आणि ती लपवणं बरोबर नाही. त्याच अध्यक्षांना पुढे आर्थिक गुन्ह्यांत शिक्षा झाली आणि क्लब पैशांच्या अडचणीत सापडून खाली घसरला. पॉटरचा त्या व्यवहारांशी संबंध नव्हता. पण यॉर्कमध्ये खेळाडू म्हणून जे पाहिलं, तेच ऑस्टरसुंडचं तो गेल्यावर झालं. मैदानावर बांधलेलं किती पटकन कागदावर मोडतं, हे या क्षेत्रात येणाऱ्याने जाणून यावं.

२०१७ च्या युरोपा लीगमध्ये, म्हणजे युरोपातल्या क्लबांच्या दुसऱ्या क्रमांकाच्या स्पर्धेत, ऑस्टरसुंडने तुर्कस्तानच्या गालातासरायला बाहेर काढलं. घरी २-० आणि इस्तंबूलमध्ये १-१. मग ग्रीसच्या पाओकला, दोन सामन्यांची बेरीज सारखी असताना परक्या मैदानावर जास्त गोल केल्याच्या तेव्हाच्या नियमावर. गटात अ‍ॅथलेटिक बिल्बाओ, हर्था बर्लिन आणि झोर्या लुहान्स्क होते, त्यातून दुसऱ्या क्रमांकाने बाद फेरीत. तिथे आर्सेनल. घरी ०-३ हरले, आणि फेब्रुवारी २०१८ मध्ये लंडनच्या एमिरेट्सवर २-१ जिंकले. स्पर्धेतून बाहेर पडले, पण त्या रात्री इंग्लंडला आपल्याच एका लेफ्ट बॅकची ओळख नव्याने झाली. तो सामना मी मोबाइलवर बघितला, आणि दुसऱ्या दिवशी सरावाला गेलो तेव्हा मुलांना खेळाडूंविषयी न सांगता त्याच्या पदवीविषयी सांगत होतो.

पुढचं बहुतेकांना माहीत आहे, म्हणून भराभर सांगतो. २०१८ मध्ये स्वान्सी, चॅम्पियनशिपमध्ये, म्हणजे दुसऱ्या पातळीवर, दहावा क्रमांक. २०१९ मध्ये ब्रायटन. तिथे पहिल्या दोन हंगामांत १५ वा आणि १६ वा क्रमांक आला. संघ सुंदर खेळायचा, संधी निर्माण करायचा आणि गोल हुकवायचा. आपल्याकडे दुसऱ्या हंगामाअखेर त्याला काढलं असतं. ब्रायटनच्या मालकांनी निकालाऐवजी खेळाचा दर्जा मोजला आणि थांबले. तिसऱ्या वर्षी ५१ गुण आणि नववं स्थान आलं. सप्टेंबर २०२२ मध्ये चेल्सीने त्याला नेलं, आणि ३१ सामने, त्यातले १२ विजय, एवढ्यावर एप्रिल २०२३ मध्ये काढलं. चॅम्पियन्स लीगमध्ये डॉर्टमुंडला हरवून उपांत्यपूर्व फेरी गाठलेली असतानाही. जानेवारी २०२५ मध्ये वेस्ट हॅम, तिथूनही सप्टेंबरमध्ये बाहेर. ऑक्टोबर २०२५ मध्ये स्वीडनने त्याला राष्ट्रीय संघाचं काम दिलं, म्हणजे ज्या देशात चौथ्या पातळीवर सुरुवात केली तिथेच.

चेल्सी आणि वेस्ट हॅमचं अपयश मी झाकत नाही, कारण त्यातही शिकण्यासारखं आहे. पॉटरचं काम वेळ घेणारं आहे. माणूस ओळखायचा, त्याला दोन-तीन जागी खेळवून बघायचं, एकाच सामन्यात रचना बदलायला शिकवायचं. चेल्सीत सुरुवातीला सामन्यांमागून सामने होते, आणि जानेवारीत ढिगाने नवे खेळाडू आले. नीट सराव करायला पुरेसे दिवस मिळाले नाहीत. मला वाटतं त्याने ते काम घ्यायला नको होतं. आपली पद्धत कोणत्या जमिनीत रुजते हे प्रशिक्षकाला माहीत असावं, आणि नाही म्हणताही यावं.

आता आपल्या जवळचं उदाहरण. अ‍ॅशली वेस्टवुड. बर्नलीकडून खेळलेला त्याच नावाचा मिडफिल्डर वेगळा. दोघेही क्रूकडून खेळलेले असल्याने हमखास घोटाळा होतो. हा वेस्टवुड १९७६ चा, बचावपटू. मँचेस्टर युनायटेडच्या युवा संघातून १९९५ चा एफए युवा चषक जिंकला, पण मुख्य संघात कधी खेळायला मिळालं नाही. मग क्रू, ब्रॅडफर्ड, शेफील्ड वेनस्डे, नॉर्थॅम्प्टन, स्विंडन, रेक्सम अशी खाली-वर वाटचाल. निवृत्तीनंतर मायकल अ‍ॅपलटन या जुन्या सवंगड्याचा सहायक झाला, आणि मार्च २०१३ मध्ये ब्लॅकबर्नने दोघांना अवघ्या ६७ दिवसांत काढलं.

त्याच उन्हाळ्यात बंगळूरमध्ये एक नवा क्लब उभा राहत होता आणि त्यांनी वेस्टवुडला बोलावलं. मैदान जुनं, संघ नवा, सुनील छेत्री सोडला तर फारशी मोठी नावं नाहीत. त्या संघात मुंबईची कीगन परेरा आणि डॅरन काल्डेरा ही पोरंही होती. २१ एप्रिल २०१४ ला मडगावच्या फातोर्डा स्टेडियमवर त्यांनी गोव्याच्या धेंपोला ४-२ ने हरवून पहिल्याच हंगामात आय-लीग, म्हणजे देशातली तेव्हाची सर्वोच्च लीग, जिंकली. मी त्या दिवशी तिथे होतो. माझे सगळे मित्र धेंपोचे, आम्ही सगळे धेंपोसाठीच ओरडत होतो. पण मी वही घेऊन बसलो होतो, आणि ज्या गोष्टीने मला गप्प केलं ती गोलसंख्या नव्हती. शेवटच्या दहा मिनिटांत एप्रिलच्या त्या दमट उकाड्यात बंगळूरचे बचावपटू पहिल्या मिनिटासारखेच रेषेत सरकत होते. आहार, झोप, वजन, वेळेवर येणं, यात त्या माणसाने सवलत दिली नव्हती. यात डावपेचांची जादू काहीच नाही. इंग्लंडच्या खालच्या विभागात मंगळवारी, शनिवारी, पुन्हा मंगळवारी खेळून जी शिस्त अंगात भिनते ती त्याने इथे आणली. २०१६ मध्ये पुन्हा आय-लीग जिंकून तो गेला. मार्च २०२४ मध्ये गुवाहाटीत अफगाणिस्तानने भारताला २-१ ने हरवलं तेव्हा समोरच्या बाकावर तोच होता. तेही अफगाणिस्तानचे अनेक मुख्य खेळाडू त्यांच्या फेडरेशनशी वाद असल्याने संघाबाहेर असताना. जून २०२५ मध्ये हाँगकाँगचा प्रशिक्षक म्हणून त्याने आपल्याला पुन्हा १-० ने हरवलं. भारतीय संघाच्या त्या दोन्ही हरण्यांचं दुःख मला आजही आहे.

तिसरी वाट एडी हाउची. त्याने सुरुवात स्वतःच्याच क्लबात केली. बोर्नमथचा बचावपटू, गुडघ्याने खेळ थांबवला, राखीव संघाला शिकवू लागला. २००८ च्या शेवटच्या दिवशी ३१ व्या वर्षी त्याच्याकडे मुख्य संघ आला, तेव्हा आर्थिक कारणांनी १७ गुण कापलेला क्लब चौथ्या पातळीच्याही खाली पडायच्या बेतात होता. त्या वर्षी वाचले. मधे थोडा काळ तो बर्नलीला जाऊन परतला, आणि २०१५ मध्ये तोच क्लब प्रीमिअर लीगमध्ये होता. मार्च २०२५ मध्ये त्याने न्यूकॅसलला लीग कप जिंकून दिला, देशातली मोठी स्पर्धा ७० वर्षांनी. गुडघ्याची गोष्ट तुमच्यासारखीच आहे म्हणून मुद्दाम सांगितली.

आणि इंग्लंडपर्यंत जायचं नसेल तर खालिद जमील बघा. दुखापतींनी खेळ लवकर थांबला, २००९ मध्ये मुंबई एफसीचं काम हाती आलं, आणि पुढची सात वर्षं तुटपुंज्या साधनांवर, बहुतेक हंगाम तळाच्या भीतीत काढली. मग २०१७ मध्ये ऐझॉलला आय-लीग, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये भारताचं प्रशिक्षकपद. कूपरेजवर रिकाम्या खुर्च्यांसमोर तो उभा असायचा तेव्हा त्याला भारताचा भावी प्रशिक्षक म्हणणारं आमच्यात कोणी नव्हतं.

तुमच्याकडे येतो. गुडघा बरा होऊन पुन्हा खेळू शकाल तर जरूर खेळा, पण शिकवायला निवृत्तीची वाट बघू नका. भारतीय फुटबॉल फेडरेशनचा डी लायसन्स हा प्रशिक्षकांचा सुरुवातीचा कोर्स पुढच्या वेळी लागेल तेव्हा अर्ज करा. पुढे सी, बी, ए आणि प्रो अशी चढण आहे, आणि दोन पायऱ्यांच्या मध्ये प्रत्यक्ष काम केल्याशिवाय वरच्या कोर्सला जाण्यात अर्थ नाही. मी बी लायसन्स घाईत केलं होतं, अर्धं डोक्यावरून गेलं. ए च्या आधी चार वर्षं थांबलो, तेव्हा प्रत्येक तासाचा उपयोग झाला. पदवी अर्धवट असेल तर मुक्त विद्यापीठातून पूर्ण करा. विषय मानसशास्त्र किंवा शिक्षणशास्त्र मिळाला तर उत्तम, नाहीतर कुठलाही चालेल. लिहिण्याची आणि विचार मांडण्याची सवय हवी.

वरिष्ठ संघाच्या मागे आत्ता लागू नका. कोल्हापुरात ते मोहात पाडणारं आहे, मला माहीत आहे. शाहू स्टेडियमवर भरलेल्या गॅलरीसमोर बाकावर उभं राहण्याचा मान वेगळाच. पण तिथे पेठेची इज्जत पणाला लागलेली असते, दोन सामने हरलात की रस्त्यात माणसं विचारतात. तिथे पहिल्या पन्नास सत्रांच्या चुका परवडणार नाहीत. तुमच्या तालमीची १३ वर्षांखालची पोरं घ्या, किंवा एखाद्या शाळेचा मुलींचा संघ घ्या, ज्याला सहसा कोणी विचारत नाही. तुमच्या गावातून अनिकेत जाधव १७ वर्षांखालच्या विश्वचषकात खेळून गेला. मुलं कमी नाहीत. आठवड्यातून तीन दिवस, दोन वर्षं, एकाच गटाबरोबर राहा. दर सत्राआधी कागदावर आराखडा काढा, आणि सत्रानंतर त्याच कागदाच्या मागे काय फसलं ते लिहा. मित्राला सांगून महिन्यातून एकदा स्वतःचं सत्र मोबाइलवर चित्रित करा. आपण किती बोलतो हे ऐकून पहिल्यांदा धक्का बसतो. मला बसला होता. एक तासाच्या सत्रात २३ मिनिटं मीच बोलत होतो.

पैशांचं स्पष्ट सांगतो. पहिली तीन-चार वर्षं यावर घर चालणार नाही. नोकरी असेल तर सोडू नका. पॉटर विद्यापीठात पगारी नोकरी करत शिकला, रिकाम्या पोटी नव्हे. शाळेत क्रीडाशिक्षकाचं काम मिळत असेल तर ते कमीपणाचं मानू नका. मैदान, मुलं आणि महिन्याचा पगार या तिन्ही गोष्टी त्यात एकत्र आहेत.

मोठं नाव नसलेल्याला कोण विचारणार, असं तुम्ही विचारलंत. सुरुवातीला कोणीच विचारणार नाही. तुमच्या हाताखालच्या बारा पोरांचे आईबाप विचारतील, "सर, सोमवारी सराव आहे ना?" पुढच्या महिन्यात मी कोल्हापूरला येतोय. तोवर पहिल्या दहा सत्रांचे कागद जमा करून ठेवा, फसलेल्या बाजूसकट. शाहू स्टेडियमच्या पायऱ्यांवर बसून बघू.